कावडीवरचा इतिहास

इतिहास म्हणजे राजांच्या वंशावळी आणि तहांच्या तारखा, ही समजूत आता मागे पडली आहे. तरीही एखाद्या नगराचा इतिहास त्याच्या रस्त्यावरच्या खाण्यातून वाचता येतो असे कोणी म्हटले, तर पुष्कळांच्या चेहऱ्यावर स्मित उमटते. खाणे हा फावल्या वेळच्या गप्पांचा विषय, अभ्यासाचा नव्हे, असा आपल्याकडे एक शिष्ट संकेत आहे. व्हिएतनामच्या राजधानीत, हनोईत, हा संकेत बाजूस ठेवणे आम्हांस भाग पडले. गेल्या सव्वाशे वर्षांत या नगराने परकी सत्ता, दुष्काळ, फाळणी, युद्ध, रेशन आणि अखेरीस खुला बाजार, एवढे सारे पाहिले. त्यांपैकी प्रत्येकाची काही ना काही खूण तेथील पदपथावरच्या वाडग्यात उरून राहिली आहे.

परदेशी पाहुण्यांसाठी हनोईत सायंकाळच्या सायकलफेऱ्या निघतात. पुढे एखादा तरुण वाटाड्या, मागे सायकलींची लहानशी रांग, आणि वाटेत पाचसहा थांबे. कोठे वाटीभर रस्सा, कोठे भाजलेले मांस, कोठे पाव, कोठे कॉफी. बसावयास वीतभर उंचीची प्लास्टिकची स्टुले. दिवेलागणीस निघालेली मंडळी रात्री पोट भरून परततात. अशा फेरीत आम्ही सामील झालो, तेव्हा एक गोष्ट ध्यानी आली. वाटाड्या पदार्थाचे नाव सांगतो, त्यात काय पडते ते सांगतो आणि पुढे निघतो. या थांब्यांना जोडणारा जो धागा आहे, तो उलगडण्याइतकी सवड त्यास नसते. तो उलगडून पाहावा, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

प्रथम त्या गल्ल्यांविषयी. जुन्या हनोईस 'छत्तीस रस्त्यांचे नगर' म्हणतात. छत्तीस हा आकडा मोजून काढलेला नसून आपल्याकडील 'बारा मावळ'सारखा रूढ झालेला आहे. या रस्त्यांच्या नावांच्या आरंभी बहुधा 'हांग' हा शब्द येतो. हांग म्हणजे माल. हांग बाक हा चांदीचा रस्ता, हांग दुओंग साखरेचा, हांग थिएक कथील-पत्र्याचा. एकेका खेड्यातले कारागीर एकेका रस्त्यावर येऊन वसले आणि आपल्या गावचा धंदा तेथे करू लागले. चांदीच्या रस्त्यावरचे कारागीर मूळचे चाऊ खे गावचे. त्यांनी नगरात आपल्या व्यवसायाच्या आद्यपुरुषाचे देऊळही उभारले, आणि ते आजही त्या रस्त्यावर आहे. परमुलखात नोकरीनिमित्त राहून महाराष्ट्र मंडळाच्या इमारतीसाठी वर्गणी गोळा करणाऱ्या आमच्या वाचकांस या देवळाचा अर्थ फोड करून सांगावयास नको. जुने हनोई ज्यांनी घडविले, ते स्वतः गाव सोडून आलेले लोक होते. पुढील सर्व हकिगतीचे मूळ याच गोष्टीत आहे.

याच वस्तीत हांग लुओक रस्त्यावर एक मशीद आहे. १८९० च्या सुमारास ती भारतीय व्यापाऱ्यांनी बांधली. फ्रेंचांच्या पाठोपाठ आपल्याकडची माणसेही त्या देशात गेली होती, आणि दक्षिणेकडे सायगावात त्यांची संख्या अधिक होती. तेथे चेट्टियार सावकारी करीत, आणि पाँडिचेरी-कारैकालचे तमिळ लोक फ्रेंच सरकारच्या कचेऱ्यांत कारकुनी व वसुलीची कामे करीत. त्यांचे साम्राज्य गेले, त्यांच्या कचेऱ्या गेल्या, पण त्यांच्या घरची 'कारी' मात्र राहिली. नारळाचे दूध आणि रताळे घातलेली, पावाबरोबर खावयाची ती कोंबडीची आमटी सायगावात आजही 'का री' याच नावाने विकली जाते. बदलीवर गेलेल्या एका कारकून-वर्गाचे हे स्मारक लहान असेल, परंतु पुष्कळ पुतळ्यांहून ते अधिक टिकाऊ ठरले आहे.

आता हनोईच्या मुख्य पदार्थाकडे वळू. त्याचे नाव फो. तांदळाच्या पातळ पट्ट्या, वर गोमांसाचे काप, आणि हाडे तासन्‌तास उकळून काढलेला निवळ रस्सा. त्या रश्श्यात दालचिनी, भाजलेले आले व कांदा, आणि आपल्या गोड्या मसाल्यात पडते ते बादियान. हा पदार्थ पुराणकालीन असावा असे वाटते, पण तसे नाही. विसाव्या शतकाच्या आरंभी, हनोई आणि तिच्या आग्नेयेस असलेल्या नाम दिन्ह या प्रांतात तो आकारास आला. तेथील शेतकरी गाईबैलांस औताची जनावरे मानीत, खाण्यासाठी क्वचितच मारीत. फ्रेंच आले आणि त्यांच्या पलटणींसाठी गोमांसाची मागणी वाढली. चांगले मांस साहेबांकडे जाई, हाडे आणि उरलेसुरले मांस स्वस्तात पडून राही. पूर्वी म्हशीच्या मांसाबरोबर शेवया विकणाऱ्या फेरीवाल्यांनी, तसेच दक्षिण चीनमधून आलेल्या विक्रेत्यांनी, त्या हाडांचे सोने केले.

या नावाविषयी वाद आहे. फ्रेंच 'पोत-ओ-फ', म्हणजे विस्तवावरचे भांडे, यातील शेवटच्या अक्षरावरून 'फो' आले, असे एक मत आहे. दुसरे मत असे की तांदळाच्या पट्ट्यांना असलेल्या चिनी शब्दाचे 'फान' हे व्हिएतनामी रूप फेरीवाल्याच्या आरोळीत झिजून 'फो' झाले. १९३१ च्या व्हिएतनामी शब्दकोशाने दुसरी व्युत्पत्ती दिली आहे, आणि आमचाही कल तिकडेच आहे. रस्त्यावर रोज ओरडला जाणारा शब्द कसा झिजतो, हे ज्याने कोणत्याही शहरातील भाजीवाल्याची हाक ऐकली आहे त्यास ठाऊक असते.

आरंभी या पदार्थास दुकान नव्हते. तो कावडीवरून येई. आपण जिला कावड म्हणतो, तिला तेथे 'गान्ह' म्हणतात. बांबूची दांडी, एका टोकास पेटती चूल आणि तीवर रश्श्याचे भांडे, दुसऱ्या टोकास वाडगे, पट्ट्या, मांस, कांद्याची पात आणि मासळीच्या अर्काची बाटली. एका माणसाच्या खांद्यावर अख्खे उपाहारगृह! विझू न देता विस्तव वाहून नेणे आणि न सांडता रस्सा वाहून नेणे, या दोन कसबांवर त्या माणसाचा संसार चाले. या कावडीचे एक मोठे लक्षण असे की तीवर जेवढे मावते तेवढेच पदार्थात राहते. जे वाहून नेता येत नाही ते गळून पडते. फोच्या सुटसुटीतपणाचे रहस्य आम्हांस या दांडीत दिसते.

पाव आणि कॉफी हे फ्रेंचांबरोबर आले. कॉफीचे रोप १८५७ मध्ये मिशनऱ्यांनी प्रथम आणले, असे सांगतात. गव्हाचे पीक तेथे होत नसल्यामुळे पाव दीर्घकाळ साहेबी चैनीचाच राहिला. पोर्तुगीजांचा 'पाँव' गोव्यावरून मुंबईस येऊन कामगाराचा पाव झाला. त्याच जातीचे रूपांतर तेथे घडावयास विसाव्या शतकाचा मध्य उजाडला. त्याविषयी पुढे येईलच.

त्याआधी एक काळोखी पान उलटावे लागते. १९४४-४५ च्या हिवाळ्यात व वसंतात उत्तर व्हिएतनाममध्ये भीषण दुष्काळ पडला. पिके बुडाली होतीच. त्यात जपान्यांच्या व फ्रेंचांच्या सक्तीच्या धान्यवसुलीची आणि युद्धाने तोडलेल्या वाहतुकीची भर पडली. मृतांचे अंदाज काही लाखांपासून वीस लाखांपर्यंत आहेत. खेड्यांतून अन्नाच्या आशेने निघालेली माणसे हनोईच्या याच रस्त्यांवर पडून मेली. आपल्या बंगालच्या १९४३ च्या दुष्काळाशी याचे साम्य अंगावर काटा आणणारे आहे. आज त्याच पदपथावर दाटीने बसून लोक जेवतात. तेथील वडीलधारी मंडळी वाडग्यात शीत टाकू देत नाहीत, त्यामागे ही आठवण उभी आहे.

पुढच्याच वर्षीची, १९४६ ची, एक लहानशी गोष्ट. फ्रेंचांशी युद्ध पेटण्याच्या त्या दिवसांत हनोईत दूध मिळेनासे झाले. मेट्रोपोल हॉटेलात काम करणाऱ्या न्गुयेन वान जांग या गृहस्थाने दुधाऐवजी अंड्याचा बलक साखरेबरोबर घोटून कॉफीवर घातला. टंचाईतून निघालेली ही तडजोड आज हनोईची खासियत गणली जाते आणि प्रत्येक सायकलफेरीचा शेवटचा थांबा बहुधा तिच्यासाठीच असतो. टंचाई सरली, तडजोड राहिली. स्वयंपाकघराच्या इतिहासात असे वारंवार घडते.

आता ज्या वाहनावरून ही फेरी होते, त्याचाही हिशेब द्यावयास हवा. सायकल फ्रेंचांनी आणली, आणि तिनेच फ्रेंचांस घालविण्यास हातभार लावला. १९५४ च्या वसंतात डिएन बिएन फूच्या डोंगराळ खोऱ्यात फ्रेंच सैन्य कोंडले गेले, तेव्हा वेढा घालणाऱ्या व्हिएतनामी सैन्यास तांदूळ पोचविण्याचा प्रश्न होता. पुरेसे ट्रक नव्हते, आणि कावडीवर एक मनुष्य फार थोडे नेई. तेव्हा वीस हजारांवर सायकली कामास लावल्या गेल्या. सायकलीवर बसावयाचे नाही, तिला ढकलावयाचे. हँडलास बांबूची दांडी बांधून लांब करावयाचे, बैठकीमागे दुसरी दांडी उभी करावयाची आणि दोन्ही बाजूंस पोती लादावयाची. अशी एक सायकल दोनशे-तीनशे किलो ओझे नेई. मा वान थांग या हमालाने एका खेपेस ३५२ किलो नेल्याची नोंद आहे. ७ मे १९५४ रोजी फ्रेंच ठाणे पडले. कावडीचा बांबू सायकलीस बांधला गेला आणि एक साम्राज्य कोसळले, असे म्हटल्यास त्यात अतिशयोक्ती थोडीच होईल. त्या सायकलींवर मुख्यतः तांदूळ होता, हे मात्र विसरता कामा नये.

जुलै १९५४ च्या जिनीव्हा करारान्वये देश सतराव्या अक्षांशाजवळ विभागला गेला. येथे आपला संबंध थेट येतो. कराराच्या अंमलबजावणीवर देखरेख करण्यासाठी भारत, कॅनडा व पोलंड यांचा आंतरराष्ट्रीय आयोग नेमला गेला आणि त्याचे अध्यक्षपद भारताकडे होते. भारतीय मुलकी अधिकारी व सैनिक हनोई-सायगावात येऊन राहिले. १७ ऑक्टोबर १९५४ रोजी पंडित नेहरूंनी हनोईस भेट दिली. ज्यास वाटेल त्याने इकडून तिकडे जावे, यासाठी करारात तीनशे दिवसांची मुदत होती. त्या मुदतीत उत्तरेकडून दक्षिणेकडे सुमारे आठ ते दहा लाख लोक गेले आणि दक्षिणेकडून उत्तरेस लाखाहून अधिक. अवघ्या सात वर्षांपूर्वी स्वतःची फाळणी पाहिलेल्या आपल्या अधिकाऱ्यांनी ते गाठोडी घेतलेले तांडे कोणत्या मनाने मोजले असतील, याची कल्पना वाचकांनीच करावी.

त्या तांड्यांबरोबर फो दक्षिणेस गेला. सायगावात तो अगदीच अनोळखी होता असे नाही, पण घरोघरी आणि कोपऱ्याकोपऱ्यावर पोचला तो या निर्वासितांमुळे. तेथील सुपीक भूमीने त्यास बदलले. मोड आलेली कडधान्ये, तुळशीच्या जातीचा पाला, गोडसर काळी चटणी आणि लिंबू, असा सारा बगीचाच वाडग्याशेजारी येऊन बसला. रस्सा गोडावला. पावाचेही तेच. हनोईहून आलेल्या एका दांपत्याने १९५८ मध्ये सायगावात 'होआ मा' नावाचे दुकान काढले, आणि थाळीत वेगवेगळे मांडले जाणारे मांस, लोणचे, अंड्याचा सॉस पावातच भरून हातात द्यावयास आरंभ केला. कामावर जाणाऱ्यास थाळीपुढे बसावयास वेळ नव्हता. साहेबाचा पाव येथे खऱ्या अर्थाने रस्त्यावर आला. त्यास आज 'बान्ह मी' या नावाने जग ओळखते.

या फाळणीची दोन पुस्तकी अपत्ये आहेत, आणि आमच्या मते या सर्व विषयाचा गाभा तेथेच आहे. न्गुयेन तुआन हे ख्यातनाम निबंधकार हनोईतच राहिले. १९५७ मध्ये त्यांनी फोवर एक निबंध लिहिला. फो गोमांसाचाच असावयास हवा, हे मूलतत्त्व त्यांनी मोठ्या निष्ठेने मांडले. क्रांतीच्या कठोर दिवसांत जिभेचे असे कौतुक करणे ही सुखवस्तू वृत्ती होय, अशी त्यांच्यावर टीका झाली. दुसरे लेखक वू बांग. हेही हनोईचे, पण १९५४ मध्ये पत्नीस व मुलास मागे ठेवून ते दक्षिणेस गेले. हनोईत १९५२ मध्ये आरंभिलेले 'हनोईचे रुचकर घास' या अर्थाच्या नावाचे पुस्तक त्यांनी सायगावात पुरे केले, आणि ते १९६० मध्ये प्रसिद्ध झाले. पुढे बारा महिन्यांच्या आठवणींचे दुसरे पुस्तक त्यांनी अकरा-बारा वर्षे लिहिले; ते १९७२ मध्ये आले. कोणत्या महिन्यात कोणते फळ, कोणत्या थंडीत कोणता पदार्थ, आणि तो कोणाच्या हातचा, याची ती नोंदवही आहे. ती ज्या पत्नीस अर्पण केली होती, ती १९६७ मध्येच हनोईत निवर्तली. सीमा मध्ये असल्यामुळे अखेरची भेट झाली नाही.

पक्ष सोडून पळालेला म्हणून वू बांग यांस अनेक वर्षे बोल लागला. ते १९८४ मध्ये वारले. सन २००० मध्ये अधिकृतपणे जाहीर झाले की ते उत्तरेच्या गुप्तवार्ता विभागाचे होते आणि हुकमानुसारच दक्षिणेस गेले होते. म्हणजे ते पुस्तक केवळ निर्वासिताचे नव्हते. बदलीवर पाठविलेल्या, आणि आपली बदली कोणास सांगू न शकणाऱ्या एका सेवकाचे होते. घरी पत्र पाठविता येत नव्हते, म्हणून त्याने घरच्या खाण्याचे वर्णन छापले.

हनोईत राहिलेल्यांचे दिवसही सोपे नव्हते. खाजगी धंदा आटला, रेशनची कुपने आली, खाणावळी सरकारी झाल्या. १९६० नंतरच्या दशकात अमेरिकेची वैमानिकविरहित टेहळणी विमाने डोक्यावरून फिरू लागली. सरकारी खाणावळीतल्या फोमध्ये मांस नसे. हनोईकरांनी त्यास नाव दिले 'वैमानिकाविना फो'. ज्या नगराने बॉम्बवर्षावाखाली ही कोटी केली, त्याचे मन मोडणे शक्य नव्हते. देश १९७६ मध्ये रीतसर एक झाला, पण टंचाई संपली नाही. डिसेंबर १९८६ च्या पक्ष-अधिवेशनाने आर्थिक धोरण बदलले, आणि चुली हळूहळू पदपथावर परतल्या. त्या काळापर्यंत सायकल ही कुटुंबाची मोठी मालमत्ता होती. पुढे मोटारसायकलींनी तिला मागे सारले. आता तिच्यावर दोनच वर्ग प्रामुख्याने दिसतात: हौशी पाहुणे आणि फेरीवाल्या बाया.

या बायांविषयी लिहिल्यावाचून लेख पुरा होणार नाही. लाल नदीच्या खोऱ्यातील खेड्यांतून त्या येतात. शेती तोकडी पडते किंवा ती कारखान्यांसाठी, वसाहतींसाठी घेतली गेलेली असते. नगरात एका खोलीत अनेकजणी दाटीने राहतात, पहाटे घाऊक बाजारातून माल आणतात, दिवसभर कावडीवरून वा सायकलीवरून विकतात आणि पैसे गावी, मुलांच्या शाळेसाठी, धाडतात. पेरणी-कापणीस गावी जातात. छत्तीस रस्ते ज्यांनी वसविले, त्या कारागिरांचाच हा आजचा अवतार. परंतु २००८ मध्ये हनोईच्या प्रशासनाने ६२ रस्त्यांवर फेरीविक्रीस बंदी घातली. रहदारी, स्वच्छता, नगराचे सौंदर्य ही कारणे दिली गेली. आपल्यापैकी ज्यांनी नगरपालिकांचा कारभार पाहिला आहे, त्यांस ही कारणे खोटी वाटणार नाहीत. पदपथ चालणाऱ्याचाही आहे. मात्र पुढे २०२४ मध्ये हनोईचा फो आणि नाम दिन्हचा फो यांस राष्ट्रीय सांस्कृतिक वारशाचा दर्जा मिळाला. पदार्थ वारसा ठरला, आणि ज्या कावडीने तो जन्मास घातला तिला मात्र बासष्ट रस्त्यांवर मज्जाव, असा हा विसंवाद आहे. बंदीनंतरही कावडी दिसतात; पोलीस आले की गल्लीत शिरतात, गेले की परततात. परंतु उद्या त्या खरोखरच नाहीशा झाल्या, तर वारशाच्या यादीत पाककृती तेवढी उरेल.

सायगावचा गोड फो हा फोच नव्हे, असे हनोईकर आजही म्हणतात. न्गुयेन तुआन यांच्या निष्ठेचे ते वारसदार आहेत, आणि अशी निष्ठा राखणारे कोणी तरी मूळ गावी असावेच लागतात. तरीही या साऱ्या इतिहासाची साक्ष आम्हांस दुसऱ्या बाजूची वाटते. फो, पाव, कारी, बलकाची कॉफी, यांपैकी एकही पदार्थ जागच्या जागी राहून घडला नाही. हाडे पलटणीच्या कसाईखान्यातून आली, पाव जहाजातून आला, रस्सा निर्वासितांच्या खांद्यावरून दक्षिणेस गेला. दिल्ली, इंदूर, हैदराबाद, कलकत्ता येथील आपल्या घरांत पुरणपोळीची कणीक वेगळी लागते, आमटीत गूळ पडावा की नाही यावर सुनेचे व सासूचे जमत नाही, आणि मुले म्हणतात की आपली थालीपिठे पुण्यासारखी होत नाहीत. होऊ नयेत. पुण्याची थालीपिठे पुणे सांभाळील. आपल्या कावडीवर जे मावले ते आपण आणले, आणि वाटेत जे मिळाले ते त्यात पडले. हनोईच्या त्या बाया दररोज हेच करतात, आणि त्यांच्या वाडग्यास कोणी भेसळ म्हणत नाही.